उठणाऱ्याचे लाल पाकीट

लाओशी, मेल्याचे काम करताना तुमचा उजवा पाय नेहमी बाहेरच्या बाजूला कलत असे. माझ्या संगणकात तुमचे कितीतरी मृत्यू साठवलेले आहेत, आणि त्या प्रत्येकात, शरीर जमिनीवर स्थिरावल्यानंतर, किंचित विलंबाने तो पाय सावकाश बाहेर झुकतो. मेलेला माणूस पाय सांभाळत नाही, असे तुम्ही म्हणायचात. गेल्या आठवड्यात ब्रिस्टलमधल्या त्या गालिचा घातलेल्या शांत खोलीत मी तुम्हाला शेवटचे पाहिले, तेव्हा तुमचे दोन्ही पाय पॉलिश केलेल्या बुटांत सरळ, शेजारी शेजारी ठेवले होते. अंत्यविधीची व्यवस्था पाहणाऱ्यांपैकी कोणीतरी ते नीटनेटकेपणाने केले असणार. मी बराच वेळ त्या बुटांकडे पाहत राहिले. चेहरा पाहून जे पटले नव्हते ते बूट पाहून पटले. हे काम तुमचे नव्हते.

"पडले का?" बातमी कळल्यावर जवळजवळ प्रत्येकाने मला हेच विचारले. प्रश्न स्वाभाविक होता. ज्या नटाने आपली सारी कारकीर्द चिनी चित्रपटांत पडून मरण्यात घालवली आणि म्हातारपणी इंग्लंडमध्ये येऊन पडण्याच्याच प्रयोगशाळेत हजेरी लावली, त्याच्याविषयी दुसरे काय विचारणार? नाही, मी सांगत राहिले. दुपारच्या जेवणानंतर आरामखुर्चीत बसले होते, टीव्ही चालू होता, आणि मुलगी चहा घेऊन आली तेव्हा ते गेलेले होते. आयुष्यभर पडून मेलात आणि खरोखरीचे जाताना बसून गेलात. तुमच्या दिग्दर्शकांना हा शेवट सपक वाटला असता. मला तो फार दयाळू वाटला.

आपले सगळे वाद इंग्रजीत झाले, म्हणजे दोघांच्याही उसन्या भाषेत. आज मी माझ्या भाषेत वाद घालणार आहे. ती तुम्हाला कळत नव्हती आणि तुम्हाला उत्तरही देता येणार नाही. हा फायदा मी जाणीवपूर्वक घेते आहे, कारण एक मोठा वाद अजून शिल्लक आहे. शहराच्या बेडमिन्स्टर भागातल्या कम्युनिटी हॉलमधला तुमचा सोमवारचा वर्ग, म्हाताऱ्या माणसांना जमिनीवर जायला आणि जमिनीवरून उठायला शिकवणारा, तुमच्यामागे चालणार की बंद पडणार, हे ठरवणे माझ्याकडे आले आहे. रीडिंग शहरातल्या एका कंपनीने मला नोकरी देऊ केली आहे. तिला होकार द्यायची आणि वर्गाच्या विस्तारासाठी अर्ज करायची मुदत एकाच महिन्यात संपते. तेव्हा मी शोकही करते आहे आणि निर्णयही घेते आहे. मला दोन कामे एकत्र करण्याची सवय आहे, आणि ती तुम्हाला कधीच आवडली नाही.

आपली पहिली भेट आठवते का? माझे संशोधन म्हातारी माणसे कशी पडतात यावर होते: पाऊल अडखळल्यापासून शरीर जमिनीला टेकेपर्यंतच्या त्या निमिषभरात कोणता सांधा काय करतो. त्यासाठी सत्तरी ओलांडलेले धडधाकट स्वयंसेवक लागत. कॅमेऱ्यांना हालचाल टिपता यावी म्हणून त्यांच्या अंगावर छोटे चमकते मार्कर चिकटवायचे, तोल गेला तर तोलून धरणारा, छताला बांधलेला हार्नेस चढवायचा, सरकत्या पट्ट्यावर चालवायचे आणि मध्येच पट्ट्याला हिसका द्यायचा. तुमची मुलगी यून विमानांच्या पंखांवर काम करणारी इंजिनिअर. आमची जाहिरात पाहून तिने घरात कंटाळलेल्या वडिलांना माझ्या लॅबमध्ये आणून सोडले. "हे सिनेमात होते. सेटवर सगळे यांना लाओशी म्हणायचे, म्हणजे गुरुजी. तेच म्हण, नाहीतर रुसतात," एवढे सांगून ती ऑफिसला गेली.

तुम्ही हार्नेसकडे बोट दाखवलेत. "हे कशाला?"

"तुम्ही पडू नये म्हणून."

"तुझं संशोधन पडण्यावरच आहे ना?"

"हो."

"मग पडू कसा?"

मी सुरक्षेचे नियम समजावून सांगू लागले. माझे वाक्य संपायच्या आत तुम्ही बाजूच्या जाड गादीकडे पाठ केलीत आणि फळी आडवी व्हावी तसे, गुडघे न वाकवता, मागे कोसळलात. श्वास दिसत नव्हता. मग तो उजवा पाय, सावकाश बाहेर. मी नाडी पाहायला वाकले तेव्हा तुम्ही एक डोळा उघडलात.

"लाल पाकीट?"

तुमच्या चित्रपटसृष्टीतला तो रिवाज तुम्ही मला आडवे पडूनच समजावलात. ज्याने पडद्यावर मरण साकारले त्याला शॉट संपताच निर्मात्याचा माणूस लाल पाकीट देतो. आत किरकोळ नाणे. मरणाची सावली अंगावर घेऊन घरी जायचे नसते. पाकीट घ्यायचे, उठायचे, आणि ते नाणे घरी पोचण्याआधी खर्चून टाकायचे. पाकीट न घेता उठणे हा अपशकुन. मी म्हणाले, मंजूर झालेल्या मानधनाखेरीज स्वयंसेवकाला काहीही देण्याची मला परवानगी नाही. तुम्ही उघडलेला डोळा पुन्हा मिटलात.

पुढचा स्वयंसेवक बाहेर येऊन बसला होता. सुदैवाने माझ्या बॅगेत मैत्रिणीच्या लग्नासाठी लंडनमधल्या इल्फर्डहून आणलेली आहेराची पाकिटे होती: लाल, वर सोनेरी गणपती, कोपऱ्यात चिकटवलेला रुपया. त्यांतले एक तुमच्या हातात ठेवले.

"हा कोण?"

"गणपती. अडथळे दूर करतो."

"आणि हे नाणं इथे चालतं?"

"नाही."

"मग मी अजून मेलेलाच आहे."

मी कोटाच्या खिशातले एक नाणे त्यात टाकले आणि तुम्ही उठलात. त्या उठण्याकडे मी लक्ष दिले नाही. माझे कॅमेरेही, शरीर जमिनीला टेकले की नोंद थांबेल, असेच लावलेले होते. तुम्हाला बसस्टॉप दाखवायला मी खाली आले, तेव्हा कोपऱ्यावरच्या दुकानात तुम्ही एक केळे विकत घेतलेत. "एकच?" दुकानदाराने विचारले. "एकदाच मेलो," तुम्ही गंभीरपणे उत्तर दिलेत. त्याने मला विचारले, आजोबा बरे आहेत ना?

तुमच्यासाठी मी हार्नेसशिवाय पडण्याची स्वतंत्र परवानगी काढली आणि तुम्ही नियमित येऊ लागलात. मार्कर चिकटवायला वेळ लागे, आणि त्या वेळात तुम्ही मला तुमची कारकीर्द सांगितलीत. ती तुम्ही वर्षांनी किंवा चित्रपटांच्या नावांनी मोजत नव्हता. तुमचे टप्पे पडण्याचे होते. लहानपणी संगीत-नाटकाच्या शाळेत, छडीच्या धाकाने, ताठ मागे पडायला शिकलात. मग ईशान्येकडल्या सरकारी स्टुडिओत शत्रूचे सैनिक झालात. ते पोटात गोळी लागून पुढे पडत. जमीनदाराचे गुंड झालात. ते जिन्यावरून पडत. नंतर काही वर्षे स्टुडिओच बंद झाला आणि तुम्हाला दूरच्या शेतावर कामाला धाडले गेले. त्या काळाविषयी तुम्ही मला एकच वाक्य सांगितलेत: "तिथे पडलो की कोणी कट म्हणत नसे." मी पुढचा मार्कर चिकटवला. विचारायला हवे होते असे मला तेव्हाही वाटले आणि आजही वाटते. पण तुम्ही इतक्या लगेच दरबारी मंत्र्याच्या विषप्रयोगाकडे वळलात, की ते वळण घेण्याचा हक्क तुमचाच होता असे मी मानते. त्यानंतर मंत्री, सेनापती, आणि शेवटी टीव्ही मालिकांतले आजोबा. ते हॉस्पिटलच्या पलंगावर मरत. तुम्हाला ते मुळीच आवडत नसे. "पलंगावर कोणीही मरेल," तुम्ही म्हणायचात. "तिथे कौशल्य काय?"

मी तुमचे चित्रपट इंटरनेटवर शोधून पाहिले. बहुतेकांत तुम्ही काही क्षणच दिसता. नायक गोळी झाडतो, तुम्ही कोसळता, आणि कॅमेरा नायकाकडे वळतो. मी तुम्हाला सरळ विचारले, याचे वाईट नाही वाटत?

"कशाचं?"

"तुम्ही पडलात की कोणी तुमच्याकडे बघतच नाही."

"मी नीट पडलो म्हणूनच तो नायक आहे," तुम्ही म्हणालात. मग थोड्या वेळाने, खांद्यावरचा मार्कर सरळ करत, म्हणालात, "एकच गोष्ट राहिली. विनोदी काम कोणी दिलं नाही. म्हणायचे, याचं तोंड दुःखी आहे. केळ्याच्या सालीवरून घसरायला मी सगळं आयुष्य तयार होतो."

तुम्ही नम्र नव्हता, हे मी इथे मुद्दाम नमूद करते. गेल्यावर माणसांना नम्रता बहाल करण्याची आपल्याकडे पद्धत आहे आणि ती तुम्हाला सहन झाली नसती. उत्तर चीनमध्ये तुमच्यासारखा पडणारा दुसरा नव्हता, हे तुम्ही मला वारंवार सांगितलेत. पडताना आपण कधीही हात टेकत नाही, हेही. मी तुम्हाला आकृती दाखवली. प्रत्येक वेळी, पाठ टेकण्याच्या जरासे आधी, तुमचा डावा हात जमिनीवर पोचत होता आणि आघाताचा मोठा भाग तोच घेत होता. तुम्ही पडद्याकडे पाहिलेत, कोट घातलात आणि निघून गेलात. पुढचे दोन आठवडे आला नाहीत. यूनने फोनवर सांगितले की तुम्ही घरी कोणाशी बोलत नाही. तिसऱ्या आठवड्यात दारात उभे राहून तुम्ही तुमचा खुलासा सादर केलात: "कॅमेरा कधी डाव्या बाजूला नसायचा." मी इतकी हसले की तुम्हालाही हसू आले. त्या हसण्यात आपली मैत्री पक्की झाली असे मी समजते. त्याआधी तुम्ही माझे स्वयंसेवक होता.

'डायरेक्टर' हे नाव तुम्ही मला तेव्हाच दिलेत. मी 'स्टार्ट' आणि 'स्टॉप' म्हणते, म्हणून. त्यात कौतुक किती आणि टोमणा किती, याचे प्रमाण रोज बदलत असे.

वर्गाची कल्पना तुमची, आणि मी तिच्या विरोधात होते. तुमचे म्हणणे असे की म्हाताऱ्यांना पडायला शिकवावे. मी म्हणाले, तुम्ही ठरवून पडत होता, ते ओल्या बाथरूममध्ये अचानक पडतात. तुमचे शरीर लहानपणापासून घडलेले, त्यांची हाडे ठिसूळ. तुमच्यासारखा हात टाकला तर त्यांचे मनगट मोडेल. तुम्ही हे सगळे ऐकून घेतलेत आणि विचारलेत, "आणि पडल्यावर?"

"पडल्यावर काय?"

"तुझे कॅमेरे तिथेच थांबतात. सेटवरही असंच. कट म्हटलं की सगळे चहाला जायचे. उठायचं काम माझं एकट्याचं."

इथे मला न्याय्य राहिले पाहिजे. जमिनीवरून टप्प्याटप्प्याने उठायला फिजिओथेरपिस्ट फार पूर्वीपासून शिकवत आले आहेत, आणि पडलेला म्हातारा माणूस तासन्‌तास तसाच राहिला तर काय होते हे मलाही ठाऊक होते. तुम्ही काही नवा शोध लावला नाहीत. आपल्याकडे एक फिजिओ आली, तिने खुर्चीच्या आधाराने उठण्याची रीत बसवून दिली, आणि ताठ मागे पडणे मी कायमचे बाद केले. तुम्ही ते मान्य केलेत, पण चेहरा असा केलात की जणू मी एखादा प्रसंगच चित्रपटातून कापून टाकला. पुण्याहून आईने फोनवर विचारले, "म्हाताऱ्यांना जमिनीवर झोपवतेस? त्यासाठी पीएचडी केलीस?" मी हो म्हणाले.

अडचण मात्र निराळीच निघाली. पहिल्या सोमवारी हॉलमध्ये जमलेल्यांपैकी कोणीही जमिनीवर जायला तयार होईना. सगळे कोट घालून खुर्च्यांवर बसून राहिले. मी त्यांना जोखमीची टक्केवारी सांगितली, त्याने ते आणखी घट्ट बसले. मॉरीन तिथे होती. आयुष्यभर बस चालवलेली, थोराड बांध्याची, बेडमिन्स्टरमध्येच जन्मलेली मॉरीन. तिने नंतर मला एकटीला सांगितले की हिवाळ्यात ती स्वयंपाकघरात पडली होती आणि पोस्टमन दार ठोठावेपर्यंत फरशीवरच होती. मुलाला तिने सांगितले नव्हते. त्याने लगेच वृद्धाश्रम शोधायला घेतले असते. जमिनीला पाठ लावायची म्हणजे तिला पुन्हा त्या फरशीवर जाण्यासारखे होते.

तुम्हाला यातले काहीही माहीत नव्हते. तुम्ही फक्त तिच्यासमोर जाऊन उभे राहिलात आणि तिला नखशिखान्त न्याहाळलेत, जसे भूमिका वाटताना नटाला न्याहाळतात.

"तू नाही पडायचंस," तुम्ही म्हणालात. "महाराणी पडणार. विष दिलंय तिला."

"महाराणी नको," मॉरीन म्हणाली. "त्यापेक्षा बँक लुटणारी करा."

"चालेल. पोलिसांनी गोळी मारलीय. कुठे लागली?"

"ढुंगणात मारा. चुकणार नाही."

हॉल हसला. मॉरीन खुर्चीला धरून, फिजिओने सांगितले तशी, एकेक गुडघा टेकत खाली गेली आणि गादीवर पसरली. तुम्ही तिच्याभोवती फेरी मारलीत. "पाय. उजवा पाय बाहेर. मेलेला माणूस पाय सांभाळत नाही." तिने पाय बाहेर टाकला. मग ती कुशीवर वळली, गुडघ्यांवर आली, खुर्ची धरून उभी राहिली, आणि तुम्ही गणपतीचे लाल पाकीट दोन्ही हातांनी, मान झुकवून तिला दिलेत. तिचे डोळे भरून आले होते. "यात काय आहे?" तिने विचारले. "तुझी सुट्टी," तुम्ही म्हणालात. "आजचं मरण झालं. आता दुकानात जा." त्यानंतर कोट उतरवायची घाई सुरू झाली. एका गृहस्थांना जहाजावरून पडायचे होते.

विनोदी काम तुम्हाला अखेर मिळाले होते, लाओशी. मी तुम्हाला तसे बोलून दाखवले नाही. प्रयोगशाळेत आपण निष्कर्ष लवकर सांगत नाही.

आणि मग तो वाद. वर्ग आणखी काही हॉलमध्ये न्यायचा तर तो उपयोगी आहे हे सिद्ध करावे लागणार होते. मी आराखडा केला: एका गटाला पाकिटे द्यायची, दुसऱ्याला नाहीत, बाकी सर्व सारखे. पाकिटाचा परिणाम वेगळा करण्याचा याहून स्वच्छ मार्ग नाही. तुम्ही कागद माझ्या हातात परत दिलात.

"म्हणजे अर्ध्या लोकांना मेलेलं ठेवायचं?"

"कोणी मेलेलं नसणार, लाओशी. ती फक्त तुलना आहे."

"पाकीट न देता उठवणार?"

"हो. पाकिटाने काय फरक पडतो ते कळायला नको?"

"तुला कळावं म्हणून ते सावली घेऊन घरी जाणार?"

"सावली मोजता येत नाही."

"मग ती नाही असं तू कशावरून म्हणतेस?"

मी म्हणाले, ही अंधश्रद्धा आहे. तुम्ही म्हणालात, माझ्या त्या हार्नेसलाही तसेच म्हणता येईल. हे तर्काला धरून नव्हते आणि मी ते तिथल्या तिथे दाखवून दिले. तुम्ही त्यावर केळे सोलायला घेतलेत. तुमच्या बाजूने वाद संपल्याची ती खूण असे.

त्याच सुमारास रीडिंगच्या कंपनीचा प्रस्ताव आला. मनगटावरचे घड्याळ, पडणे ओळखणारे, मदत बोलावणारे. काम अवघड, पगार उत्तम, माणसे हुशार. मी ते मन लावून करेन हे मला माहीत आहे. तुम्ही नमुन्याचे घड्याळ हातात घेऊन उलटसुलट पाहिलेत.

"हे काय सांगतं?"

"तुम्ही पडलात हे."

"ते मला माहीत असेलच."

"शुद्ध गेली असेल तर?"

तुम्ही घड्याळ परत दिलेत. मग म्हणालात, "मग बरं आहे. घ्यायला हवं." तुमच्या या वाक्याचा मी आजवर कोणाजवळ उल्लेख केला नाही. समोरच्याचे बरोबर आहे हे मान्य करताना तुमचा आवाज किती साधा होतो, हे मी तेव्हा पहिल्यांदा ऐकले.

शेवटच्या सोमवारी वर्ग संपल्यावर आपण खुर्च्या रचत होतो. तुम्ही म्हणालात, "डायरेक्टर, तू एकदा पड."

"मला पडायचं काही कारण नाही."

"इतक्या लोकांना पाडलंस. स्वतः एकदाही नाही."

"माझी ट्रेन आहे, लाओशी."

"ट्रेन असतेच तुझी," तुम्ही म्हणालात आणि उरलेली खुर्ची स्वतःच ठेवलीत. त्याच आठवड्यात यूनचा फोन आला.

अंत्यविधीनंतर दारात यून उभी होती. प्रत्येक बाहेर पडणाऱ्याला ती एक छोटे पांढरे पाकीट देत होती. आत एक नाणे आणि एक गोड गोळी. गोळी इथेच खायची, नाणे घरी पोचण्याआधी खर्चायचे. ही तुमच्याकडची रीत, मेलेल्याला निरोप देऊन जिवंतांमध्ये परतणाऱ्यांसाठी. मी पाकीट हातात धरून उभी राहिले. तुमचे लाल पाकीट आणि हे पांढरे, दोन्हींचा नियम एकच होता.

"तुला पटतं हे?" मी तिला विचारले.

"नाही," ती म्हणाली. तीही माझ्यासारखीच, मोजमापात वाढलेली. "कधीच पटलं नाही. पण खाऊन टाक. नाहीतर बाबा मला विचारतील."

मी गोळी तोंडात टाकली. ती आल्याची होती, तिखट. पाकीट देणाऱ्या यूनकडे आणि घेणाऱ्या माणसांकडे मी पाहत राहिले. प्रत्येकजण क्षणभर थांबत होता, गोळी सोलत होता आणि मग पायऱ्या उतरत होता. कोणी रडतच उतरले, पण उतरले. आपल्या वादात मी कुठे चुकत होते ते मला त्या पायऱ्यांवर दिसले. उठण्याच्या रीतीला पाकीट मागाहून जोडलेले आहे असे मी धरून चालले होते, आणि म्हणून ते काढून पाहायला निघाले होते. पण मॉरीनच्या पायांत बळ होतेच. पहिल्या दिवसानंतर दर सोमवारी तिला खाली जाण्याचे धैर्य मिळाले ते वर येताना कोणीतरी मान झुकवून उभे असेल या खात्रीने. मग माझ्या आराखड्यातला दुसरा गट हा तोच वर्ग उरत नाही, तो निराळाच वर्ग होतो. तुमची सावली अजूनही मला मान्य नाही. पण आराखडा चुकीचा होता, आणि तो मी बदलला आहे.

नवा आराखडा असा: पाकिटे दोन्ही गटांना, आणि एका गटाच्या मनगटावर घड्याळही. उठता येणाऱ्याने उठावे आणि न येणाऱ्यासाठी मदत यावी, यांत विरोध नाही. आपणच तो आणला होता. एथिक्स कमिटीसाठी मी लिहिले की पाकीट हे बक्षीस नसून पद्धतीचा भाग आहे. त्यांना ते पटेल की नाही, मला ठाऊक नाही. रीडिंगच्या कंपनीला मी कळवले की नोकरी मी घेत नाही, मात्र त्यांची घड्याळे मला अभ्यासासाठी हवी आहेत. उत्तरात त्यांनी पहिल्या गोष्टीबद्दल खेद आणि दुसरीबद्दल कुतूहल व्यक्त केले. मी याला आशादायक म्हणते. ब्रिस्टलमधली माझी जागा आता या अर्जावर टांगलेली आहे, आणि तरी झोप लागते आहे.

काल सोमवार होता. हॉलमध्ये सगळे आले होते आणि पहिल्या दिवसासारखेच कोट घालून बसले होते. मधली गादी रिकामी. शेवटी मॉरीन म्हणाली, "मग? आज कोण मरतंय?"

मी बूट काढले.

लाओशी, मी फार वाईट पडले. फिजिओने शिकवल्याप्रमाणे खाली जायला सुरुवात केली आणि मध्येच गुडघ्याने दगा दिला. डावा हात आधी टेकला. तुमच्यासारखाच. छत खालून पाहिले की फार उंच वाटते. इतकी वर्षे मी हा क्षण जिथे थांबवत आले, तिथून पुढे काय असते ते मला पहिल्यांदा दिसले: सगळ्यांचे बूट दिसतात, चेहरे दूर असतात, आणि आपण उठणार की नाही याची सर्वजण वाट पाहत असतात.

"पाय," वरून मॉरीनचा आवाज आला. "उजवा. बाहेर टाक, नाहीतर म्हातारा ओरडेल."

मी पाय बाहेर टाकला. तो पडू दिला. मग कुशीवर वळले, गुडघ्यांवर आले, खुर्ची धरली आणि उठले. मॉरीनने खिशातून नाताळच्या शुभेच्छापत्राचे उरलेले लाल पाकीट काढले आणि दोन्ही हातांनी, मान झुकवून मला दिले. मान झुकवणे कधी थांबवायचे हे तिला नीट कळत नव्हते, त्यामुळे आम्ही दोघी जरा वेळ तशाच वाकून राहिलो. मग तिने कोट काढला आणि म्हणाली, "सरक. आता माझी बँक."

संध्याकाळी कोपऱ्यावरच्या त्या दुकानात मी एक केळे घेतले. दुकानदार तोच होता.

"एकच?" त्याने विचारले.

"एकदाच मेले."

त्याने माझ्याकडे पाहिले, मग दाराकडे, तुम्ही मागून येत असाल अशा अपेक्षेने. बाहेर फुटपाथवर उभी राहून मी केळे खाल्ले आणि साल नीट कचरापेटीत टाकली. ती भूमिका तुमची आहे. मी कोणाला देणार नाही.